अर्जंट ऑर्डर

नागपूरच्या इतवारीत कलेला कला म्हणायची पद्धत नाही. ऑर्डर म्हणतात. सराफा ओळीतला कारागीर रात्र जागून पोत ओवतो ती ऑर्डर, फुलवाला नवरदेवाचा सेहरा गुंफतो ती ऑर्डर, आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मिरवणुकीने निघणारे मारबत-बडग्यांचे पुतळे बांधतात तीही ऑर्डरच, फक्त तिचे पैसे वर्गणीतून येतात. काळी मारबत १८८१ पासून निघते, पिवळी १८८५ पासून. दरवर्षी दोघींची भेट नेहरू पुतळ्याजवळ होते. इतक्या वर्षांत 'यंदा काही सुचलं नाही' म्हणून कुणी तारीख पुढे ढकलल्याचं ऐकिवात नाही. ऑर्डरीला तारीख असते, बयाणा असतो आणि 'उद्या घेऊन जा' असतं. प्रतिभा वगैरे ज्याची त्याने घरी ठेवावी.

त्यामुळे आमच्या ओळीतल्या एका शेठजींच्या नातवाने आपल्या वरातीत बीटल्सचं 'अ हार्ड डेज नाइट' वाजलंच पाहिजे असा हट्ट धरला, तेव्हा बँडमास्तरांच्या चेहऱ्यावरची माशीसुद्धा हलली नाही. मुलगा लंडनला शिकून आलेला. मुलगी अमरावतीची, पण तीही तिकडच्याच कॉलेजातली. कोणतं गाणं, कुणाचं, कोणत्या भाषेतलं, हे मास्तरांनी विचारलंच नाही. "कवा पाह्यजे?" एवढंच विचारलं. परवा, असं कळल्यावर म्हणाले, "होऊन जाईन. मोबाइलवर टाकून द्या."

मोबाइलवर टाकायचं काम माझ्याकडे आलं. या ओळीत इंग्रजी गाण्यांवर बोलणारा रिकामटेकडा मी एकटाच. नुसतं गाणं काय द्यायचं, सोबत थोडी माहितीही द्यावी, या हौसेने मी संध्याकाळी मास्तरांच्या दुकानात जाऊन बसलो.

दुकान म्हणजे दहा बाय बारा. भिंतीवर लाल कोट ओळीने टांगलेले, त्यांच्या खांद्यांवरची सोनेरी झालर धुऊन धुऊन हळदीच्या रंगावर आलेली. कोपऱ्यात युफोनियम तोंड खाली करून ठेवलेला, म्हणजे त्यात उंदीर जात नाहीत. दारात हातगाडी, तिच्यावर चार भोंगे आणि एक कॅसिओ. ढोल बडवणाऱ्या धुमालवाल्यांनी बँडचा निम्मा धंदा नेल्यापासून कॅसिओशिवाय कुणी बयाणा देत नाही, असं मास्तरांचं म्हणणं. मास्तर स्वतः क्लॅरोनेट वाजवतात. पत्ती ओठांत धरून ओली करत ते ऐकत होते. शेठजीही हिशेबाला आले होते ते बसले.

मी सुरुवात केली. म्हटलं, हे गाणं एका सिनेमासाठी झालं आणि तो सिनेमा मुळात सिनेमासाठी काढलेलाच नव्हता. साल १९६३. युनायटेड आर्टिस्ट्स या अमेरिकन कंपनीच्या लक्षात आलं की या चार पोरांचा रेकॉर्ड कंपनीशी जो करार आहे, तो सिनेमातल्या गाण्यांच्या रेकॉर्डबद्दल काही बोलत नाही. झालं! एक स्वस्तातला सिनेमा काढायचा, त्यात पोरांना गाऊ द्यायचं आणि रेकॉर्ड आपण विकायची. खर्च दोनेक लाख पौंड. चित्रं काळीपांढरी. रिचर्ड लेस्टर नावाचा दिग्दर्शक घेतला, १९६४ च्या २ मार्चला शूटिंग सुरू झालं आणि ६ जुलैला लंडनमध्ये पडद्यावर. एवढी घाई का, तर हे बीटल्सचं वेड उन्हाळ्यापलीकडे टिकेल यावर पैसे लावणाऱ्यांचाच विश्वास नव्हता.

"म्हणजे पिच्चर पोतं होतं, माल रेकॉर्ड होती," शेठजी म्हणाले. या कराराबद्दल मी पुस्तकांत बरंच वाचलं आहे, पण इतक्या कमी शब्दांत कुठे सापडलं नव्हतं.

मग मी त्यांना बीटल्सच्या मॅनेजरची गोष्ट सांगितली. ब्रायन एपस्टाइन. निर्माते नफ्यातले पंचवीस टक्के द्यायची मनाची तयारी करून बैठकीला बसले होते. त्यांनी विचारलं, तुमची अपेक्षा काय? एपस्टाइनने ताठ बसून बजावलं, साडेसात टक्क्यांच्या खाली आम्ही ऐकूनसुद्धा घेणार नाही. ही गोष्ट बीटल्सच्या बहुतेक चरित्रांत येते. निर्मात्यांनी लगेच मान्य केलं हे सांगायला नकोच.

शेठजी बराच वेळ काही बोलले नाहीत. मग विचारलं, "हा मॅनेजर नोकरदाराचा मुलगा होता का?"

"नाही, दुकानदाराचाच. लिव्हरपूलला घरचं फर्निचरचं दुकान होतं, तो रेकॉर्डचा विभाग सांभाळायचा."

"दुकानदाराचं पोरगं असून आधी भाव बोलला?" शेठजींनी एवढ्या हळहळीने मान हलवली की साठ वर्षांपूर्वीची ती उधारी त्यांच्याच वहीत लिहिलेली असावी. पुढच्या गोष्टीत त्यांचं फारसं लक्ष लागलं नाही.

गाण्याची गोष्ट इथून पुढे. सिनेमा निम्म्याहून अधिक चित्रित झाला तरी त्याला नाव नव्हतं. ड्रम वाजवणाऱ्या रिंगोला बोलता बोलता भलतंच बोलून जायची खोड होती. एकदा काम संपवून बाहेर पडताना त्याला वाटलं दिवस आहे. 'कष्टाचा दिवस गेला बुवा' असं म्हणता म्हणता बाहेरचा अंधार दिसला, तशी त्याने वाक्याच्या शेपटीला रात्र जोडून टाकली. ते सिनेमाचं नाव झालं. नाव झालं म्हणजे त्या नावाचं गाणं पाहिजे, आणि गाणं होतं कुठे? आधीची गाणी रेकॉर्ड होऊन बसलेली. निर्माते वॉल्टर शेन्सन यांनी जॉन लेननला गाठलं. दुसऱ्या दिवशी सकाळी लेनन आणि मॅकार्टनी गिटार घेऊन हजर, गाणं तयार.

इतका घाईचा मामला की शब्द वहीत लिहायलाही सवड नव्हती. लेननचा मुलगा नुकताच एक वर्षाचा झाला होता, त्याला आलेल्या वाढदिवसाच्या कार्डावर लेननने शब्द खरडले. ते कार्ड आज ब्रिटिश लायब्ररीत आहे. स्टुडिओकडे जाताना टॅक्सीत मोरीन क्लीव्ह ही वार्ताहर सोबत होती. थकव्याबद्दलची एक ओळ तिला लुळी वाटली, तसं तिने सांगितलं. लेननने पेन मागून घेतलं आणि ती ओळ टॅक्सीतच बदलली. टॅक्सीत बसलेल्या वार्ताहराचं ऐकणारा कवी, एवढ्यावरूनच कामाची निकड कळते.

हे सगळं ऐकताना आपल्याकडची आठवण होणारच. 'गीतरामायण' १९५५ च्या रामनवमीला पुणे आकाशवाणीवरून सुरू झालं, दर आठवड्याला एक गाणं, अशी छप्पन्न. पहिल्याच गाण्याचा कागद ऐन ध्वनिमुद्रणाच्या दिवशी हरवला आणि सीताकांत लाडांनी गदिमांना खोलीत बसवून पुन्हा लिहायला लावलं, ही गोष्ट मराठी घरांत इतक्यांदा सांगितली जाते की कागद हरवला तेच बरं झालं असं वाटू लागतं. आठवड्याची ऑर्डर नसती तर गदिमांनी तेवढी गाणी तेवढ्याच वेळात लिहिली असती का? मला शंका आहे. मोकळा वेळ मिळालेल्या कवीचं काय होतं ते आपण दिवाळी अंकांत पाहतोच.

"रेकॉर्डिंगले किती टाइम लागला?" मास्तरांनी मुद्द्याचं विचारलं.

तीन तास. १६ एप्रिल, सकाळी दहा ते एक, लंडनच्या ॲबी रोडवरचा दोन नंबरचा स्टुडिओ. नऊ टेक. नववा घेतला.

"नऊ?" मास्तर म्हणाले, "आमाले तर एकच भेटते." हे खरंच आहे. वरातीत रीटेक नसतो.

मग मी मोबाइल लावला आणि पहिल्याच क्षणाला घोडं अडलं. हे गाणं सुरू होतं ते चालीने नाही, एका टोल्याने सुरू होतं. सगळी वाद्यं एकदम एक स्वरसमूह हाणतात, तो दोन-तीन सेकंद घुमतो, मग गाणं. मास्तरांनी पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा लावला. क्लॅरोनेटवर एक स्वर काढून पाहिला, मान हलवली. कॅसिओवाल्या पोराला बोलावलं, त्याने तीन बोटांनी दाबून पाहिलं, चार बोटांनी दाबून पाहिलं, दोन्ही हात लावले. जवळ जायचं, पण तो आवाज यायचा नाही. "हे एक वाद्य नोहे," मास्तर म्हणाले.

बरोबर ओळखलं. जॉर्ज हॅरिसनची बारा तारांची रिकनबॅकर, लेननची गिटार, मॅकार्टनीचा बास आणि त्यांच्या जोडीला रेकॉर्डचे निर्माते जॉर्ज मार्टिन यांचा पियानो, सगळं एका झटक्यात. सिनेमा आणि रेकॉर्ड दोन्ही याच गाण्याने उघडायचे होते, म्हणून ऐकणाऱ्याचा कान धरून ओढणारं काहीतरी पाहिजे होतं. पुढे चाळीस वर्षं लोक त्यात कोणते स्वर आहेत यावर भांडत बसले. शेवटी २००४ मध्ये कॅनडातल्या डलहौसी विद्यापीठाचे गणिताचे प्राध्यापक जेसन ब्राउन यांनी फूरिए रूपांतर नावाचं गणित लावून त्या आवाजाचे तुकडे केले आणि यात पियानो धरल्याशिवाय हिशेब जुळत नाही असा निष्कर्ष काढला. मास्तरांनी गणित न लावता तो तिसऱ्या खेपेला काढला होता, पण त्यांचा निबंध कुठे छापून येणार नाही.

"आपल्याकडं पियानो नाई," मी म्हटलं.

"सारे मिळून हाणू ना," मास्तर म्हणाले. "मी हात खाली केला का दोन ट्रम्पेट, युफोनियम, झांज, ढोल, एकदम. कोनी कोनता सूर लावाचा ते मी पाहून घेतो."

गाण्याच्या मधल्या गिटारीपाशी पोरं पुन्हा अडकली. तो तुकडा फार पळतो. इथे लंडनवाल्यांची एक चलाखी आहे. हॅरिसनची बोटं त्या वेगाला पुरत नव्हती, तेव्हा टेप अर्ध्या वेगाने चालवून त्याने गिटार आणि मार्टिन यांनी पियानो सोबतच, सावकाश, खालच्या सप्तकात वाजवला. टेप मूळ वेगाने फिरवली की तुकडा दुप्पट जलद आणि एक सप्तक वर. हे मी मोठ्या थाटात सांगितलं. कॅसिओवाला पोरगा माझ्याकडे बघत राहिला. मग त्याने आपला मोबाइल काढून दाखवला. यूट्यूबवर वेग अर्धा करून तो तोच तुकडा बसवत होता. सगळी गाणी तसंच बसवतो म्हणाला. चाल कानात गेली की वेग वाढवायचा. नोटेशन नाही, कागद नाही.

मधल्या कडव्यात आवाज बदलतो हेही मास्तरांनी कुणी न सांगता टिपलं. लेननला तिथले वरचे स्वर पेलत नव्हते, म्हणून तो भाग मॅकार्टनीने गायला. मास्तरांनी खालचा भाग स्वतःकडे ठेवला आणि वरचा ट्रम्पेटला दिला. कारण विचारलं तर म्हणाले, "क्लॅरोनेट चिरकते तिथं."

सिनेमाच्या सुरुवातीला हे गाणं वाजत असतं आणि चौघे जण पोरींच्या घोळक्यापुढे जिवाच्या आकांताने पळत असतात, लंडनच्या मॅरिलबोन स्टेशनात. पहिल्याच दृश्यात हॅरिसन धडपडून तोंडावर आपटतो. लेस्टरने ते काढून टाकलं नाही, तसंच ठेवलं. सिनेमात गाणं म्हटलं की गाणाऱ्याने तोंड हलवलं पाहिजे, हा रिवाजही त्याने मोडला. गाणं आपलं चाललंय, चित्रं आपली पळताहेत. पुढे संगीताच्या दूरदर्शन वाहिन्या निघाल्या तेव्हा त्याला एमटीव्हीचा जनक म्हणू लागले. त्यावर त्याने रक्ताची तपासणी करून द्या अशी मागणी केली म्हणे. आमच्या इतवारी स्टेशनवर हेच दृश्य घ्यायचं म्हटलं असतं तर? तेव्हा इथून नागभीडकडे छोटी गाडी सुटायची. तिच्यापुढे पळायचं तर कष्ट असे नव्हतेच, उलट दमेकरी माणूसही तिला मागे टाकून पुढच्या स्टेशनात चहा घेऊ शकला असता. पण फलाटावरची मिरचीची पोती ओलांडताना चौघांची शिंकून शिंकून पुरेवाट झाली असती, आणि ते कोणत्याही दिग्दर्शकाने काढून टाकलं नसतं.

त्या गाण्याचं पुढे बरंच काय काय झालं. नट पीटर सेलर्सने ते लॉरेन्स ऑलिव्हिएच्या तिसऱ्या रिचर्डच्या आवाजात, म्हणजे आपल्याकडे गणपतराव जोशांच्या थाटात म्हणावं तसं, न गाता म्हटलं आणि त्याचीही रेकॉर्ड खपली. पण मला मजा वाटते ती वेगळीच. बीटल्सचा पुढचा सिनेमा १९६५ चा 'हेल्प!'. त्यात लंडनमधल्या एका हिंदुस्थानी हॉटेलचं दृश्य आहे आणि कोपऱ्यात सतार-तबला घेऊन वादक बसलेत. केन थॉर्न यांनी त्या सिनेमासाठी बीटल्सचीच जुनी गाणी सतार-बासरीवर बसवली, त्यात हेही गाणं आहे. म्हणजे आमच्या मास्तरांच्या बरंच आधी लंडनमध्येच कुणीतरी हे काम करून ठेवलं होतं! आणि त्याच दृश्याच्या शूटिंगला हॅरिसनने रिकाम्या वेळात कोपऱ्यातली सतार उचलून पाहिली. पुढचं सगळं ठाऊकच आहे: रविशंकर, मुंबई, ऋषिकेश.

मुंबईतलं तेवढं सांगतो, कारण ते आपल्याकडचं आहे. जानेवारी १९६८ मध्ये हॅरिसन मुंबईच्या एचएमव्ही स्टुडिओत 'वंडरवॉल' नावाच्या सिनेमाचं संगीत करायला आला. सिनेमा बीटल्सचा नव्हता, संगीत मात्र एका बीटलचं. सरोदवर आशीष खान, संतूरवर शिवकुमार शर्मा. बीटल्सच्या 'द इनर लाइट' या गाण्याची वाद्यांची बाजूही त्याच मुक्कामात झाली. स्टुडिओ कचेऱ्यांच्या वरच्या मजल्यावर, आणि आवाज अडवायची सोय यथातथाच. हॅरिसनने नंतर गमतीने सांगितलं की नीट ऐकलं तर खालच्या टॅक्सीही ऐकू येतात, आणि साडेपाचला कचेऱ्या सुटल्या की जिन्यावरच्या पायांच्या आवाजाने रेकॉर्डिंग थांबवावं लागायचं. ॲबी रोडच्या बंदिस्त खोलीतून निघालेला माणूस कारकुनांच्या चपलांपाशी येऊन थांबला, हे मला फार आवडतं. इतवारीत आला असता तर हमालांच्या 'बाजू, बाजू'ने काम सुरूच झालं नसतं.

इतवारीवरून आठवलं. नागपूरचा सिनेमा म्हणून आम्ही मिरवतो तो 'झुंड', मार्च २०२२ चा. झोपडपट्टीतल्या पोरांना फुटबॉल शिकवणारे हिस्लॉप कॉलेजचे विजय बारसे यांच्यावरून घेतलेला, नागराज मंजुळेंचा. संगीत अजय-अतुलचं. त्यातलं 'लफडा झाला' आमच्या मास्तरांनी सिनेमा न पाहताच बसवलं. त्याआधी 'सैराट'च्या संगीतासाठी अजय-अतुल लॉस एंजेलिसला जाऊन मोठ्या वाद्यवृंदाकडून वाजवून घेऊन आले. ते सगळे व्हायोलिनवाले मिळून मास्तरांच्या हातगाडीवर कॅसिओच्या एका बटणात मावतात. 'झिंगाट' सुरू झालं की ते बटणही कुणाला ऐकू येत नाही.

वरात शहीद चौकातून निघाली. नवरदेव घोडीवर, मोत्यांच्या झालरीआड. मास्तरांनी हात वर केला, पोरांनी श्वास भरले, हात खाली आला आणि ट्रम्पेट, युफोनियम, झांज, ढोल सगळं एकदम कोसळलं. घोडी दोन पावलं मागे सरली. जेसन ब्राउन यांना त्यात किती स्वर सापडले असते सांगता येत नाही, पण नवरदेवाने झालर बाजूला सारून पाहिलं. त्याला ओळख पटली होती. पुढे चाल आली ती मात्र इतवारीची. ढोलवाल्याने आपला नेहमीचा ठेका धरला, त्याला इंग्रजी ठेक्यावर पाय उचलणारी माणसं वरातीत दिसत नव्हती. लंडनहून आलेले मुलाचे दोन मित्र नाचायला लागले. मग त्यांना नाचता येत नाही हे पाहून बाकीचे सरसावले. मधला पळता तुकडा कॅसिओवर स्वच्छ निघाला. एका आत्याबाईंनी मला विचारलं, "कोणतं भजन आहे हे?" मी म्हटलं, श्रमपरिहाराचं.

राहिला प्रश्न शेवटाचा. मूळ गाणं संपतंय असं वाटतं आणि संपत नाही. गिटारीच्या तारा एकेक करून छेडल्या जातात, त्या विरत जातात, म्हणजे सिनेमाला त्यावरून पुढच्या दृश्यात शिरता यावं. हे विरणं भोंग्यांवर कसं जमवणार, म्हणून मी तालमीच्या वेळी मास्तरांच्या फार मागे लागलो होतो. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं होतं आणि म्हटलं होतं, "भाऊ, वरातीत गानं संपवत नाई. संपलं का लोकं घरी जाते."

इथे त्यांनी तेच केलं. तारा छेडायच्या जागी क्लॅरोनेटवर तेच स्वर एकदा घेतले, दुसऱ्यांदा घेतले, तिसऱ्यांदा घेताना शेवटचा थोडा वाकवला, आणि कुणाला कळायच्या आत 'नागीन' सुरू झालं होतं. १९५४ च्या त्या सिनेमातली बीनही बीन नव्हतीच. कल्याणजींनी क्लॅव्हिओलाइन नावाच्या विजेच्या वाद्यावर ती वाजवली होती, तीही ऑर्डरच. तोंडात रुमाल धरून पहिला मित्र रस्त्यावर आडवा झाला. शेठजींनी खिशातून दहाच्या नोटांचं कोरं बंडल काढलं, त्याचा कागद फाडला आणि मास्तरांना ओरडून विचारलं, "ते इंग्रजीचे जास्तीचे किती लावणार?"

मास्तरांनी क्लॅरोनेट तोंडातून काढलं नाही. नुसत्या भुवया उडवल्या. आधी भाव बोलायला ते काही लिव्हरपूलचे नव्हते.